ओळख पटवणारे

1707 मध्ये औरंगजेब वारला आणि त्याचा मुलगा आझमशहा याने शाहूराजांना कैदेतून सोडलं. रायगड पडला तेव्हा सात वर्षांचं असलेलं हे पोर पंचविशीत मोगली छावणीतून बाहेर पडत होतं. मधल्या काळात दख्खनेतल्या फारच थोड्या माणसांनी त्यांचा चेहरा पाहिला होता. मराठ्यांची गादी ताराबाईंच्या हातात होती. त्यांनी लगेच जाहीर केलं की येणारा इसम शाहू नव्हेच, मोगलांनी पढवून पाठवलेला तोतया आहे. आपल्या सरदारांकडून त्यांनी दूधभातावर हात ठेवून शपथा घेवविल्या, असं बखरी सांगतात. आता खरेखोटेपणा ठरवायचा कसा? ना फोटो, ना बोटांचे ठसे, ना जन्माचा दाखला. उत्तर दिलं परसोजी भोसल्यांनी. खानदेशात ते शाहूंना येऊन मिळाले आणि सर्वांदेखत त्यांच्याबरोबर एका ताटात जेवले.

आज ही गोष्ट गमतीची वाटेल, पण त्या काळी याहून भक्कम दाखला नव्हता. पंक्तीला कोण बसतं यावर जात, कुळ, सोयरीक, वतन सगळं तोललं जात होतं. अशा समाजात कुळाचा पत्ता नसलेल्या माणसाच्या ताटात हात घालणं म्हणजे स्वतःचं कुळ पणाला लावणं. परसोजींनी ते लावलं आणि काठावरचे बरेच जण हलले. ऑक्टोबरात खेडच्या लढाईत ताराबाईंचा पक्ष हरला, शाहू छत्रपती झाले. पुढे परसोजींच्या घराण्याला सेनासाहेबसुभा हा किताब आणि वऱ्हाड-गोंडवनातले हक्क मिळाले. शाहू खरेच होते, याबद्दल इतिहासकारांत वाद नाही. तरीही ताटातली साक्ष आणि नंतरची सनद शेजारी ठेवून पाहिली की एक गोष्ट लक्षात येते. माणूस कोण आहे हे तो स्वतः क्वचितच ठरवतो. ओळख पटवणारे ते ठरवतात, आणि त्यांचाही काही हिशेब असतो.

उच्चकुलीनांच्या जगातल्या फसवणुकीविषयी इतकं लिहिलं गेलं आहे, पण त्यात सगळा प्रकाश तोतयावरच पडलेला दिसतो: त्याची हुशारी, त्याचं धाडस, त्याची पाठ केलेली वंशावळ. मला मात्र समोरच्या बाकावर बसलेली माणसं जास्त महत्त्वाची वाटतात. तोतये बहुधा बेतास बातच असतात. त्यांच्यातल्या पुष्कळांना साध्या प्रश्नांची उत्तरंही देता आली नाहीत. आणि तरी ते वर्षानुवर्षं चालले.

ताराबाईंचीच पुढची गोष्ट घ्या. शाहूंना मुलगा नव्हता. त्यांच्या अखेरच्या दिवसांत ताराबाईंनी सांगितलं की आपला नातू, म्हणजे दुसऱ्या शिवाजीचा मुलगा, जिवंत आहे, त्याला गुप्तपणे वाढवलेलं आहे. शाहू 15 डिसेंबर 1749 रोजी वारले आणि पुढच्याच महिन्यात हा रामराजा गादीवर बसला. नागपूरकर रघूजी भोसल्यांना शंका होती. त्यांनी अट घातली की ताराबाईंनी सगळ्यांसमोर रामराजाबरोबर जेवावं आणि त्या अन्नाची शपथ घेऊन सांगावं की हा माझा नातू. ताराबाई जेवल्या, शपथ घेतली, रघूजींचं समाधान झालं. चाळीस-बेचाळीस वर्षांत ताट तेच, घराणं तेच, फक्त आता शपथ द्यायची वेळ ताराबाईंवर आली होती.

पण रामराजा आजीच्या मुठीत राहीना, पेशव्यांच्या तंत्राने चालू लागला. नोव्हेंबर 1750 मध्ये ताराबाईंनी त्याला साताऱ्याच्या किल्ल्यावर कैद केलं आणि जाहीर केलं की हा माझा नातू नव्हेच, कुणा गोंधळ्याचा पोर आहे. 1752 मध्ये जेजुरीला, खंडोबाच्या दारात, पेशव्यांशी समेट करताना त्यांनी तेच शपथेवर सांगितलं. म्हणजे एकाच बाईने, एकाच मुलाविषयी, दोन उलट शपथा घेतल्या, त्याही देवाच्या आणि अन्नाच्या साक्षीने. इथे खरी मौज आहे ती नानासाहेब पेशव्यांची. त्यांनी ताराबाईंचं म्हणणं ऐकून घेतलं आणि रामराजालाच छत्रपती म्हणून ठेवलं. तोतया म्हणून दूर करावा तर नव्या वारसाचा शोध, नवे पक्ष, नवी भांडणं. किल्ल्यावर अडकलेला, आजीनेच नाकारलेला राजा पुण्याच्या कारभाराला फारच सोयीचा होता. ताराबाई 1761 मध्ये वारल्या, रामराजा 1777 पर्यंत छत्रपती राहिला. बहुतेक अभ्यासक त्याला ताराबाईंचा खरा नातू मानतात. तसं असेल तर आपल्या इतिहासातला हा एक चमत्कारिक मासला ठरतो: खरा माणूस, ज्याच्यावर तोतयेपणाचा शिक्का घरच्यांनीच मारला.

हे काही साताऱ्याचंच वैशिष्ट्य नव्हे. त्याच्या सुमारे दीडशे वर्षं आधी मॉस्कोत असंच घडलं होतं. इव्हान द टेरिबलचा धाकटा मुलगा दिमित्री 1591 मध्ये उग्लिच इथे लहानपणीच मेला. 1605 मध्ये एक तरुण 'मीच दिमित्री' म्हणत पोलंडकडून सैन्य घेऊन आला आणि झारच्या गादीवर बसला. मेलेल्या मुलाच्या आईला मठात डांबून जोगीण केलेलं होतं. तिला आणवलं गेलं आणि तिने लोकांसमोर 'हाच माझा मुलगा' म्हणून त्याला जवळ घेतलं. वर्षभरात त्या तरुणाचा खून झाला, आणि आई म्हणाली की हा माझा मुलगा नव्हता. पुढे दुसरा दिमित्री उभा राहिला. पहिल्याची विधवा मरिना हिने त्यालाही आपला नवरा म्हणून मान्य केलं. मठाच्या कोठडीत परत जायचं की राजमाता म्हणून राजवाड्यात राहायचं, एवढाच प्रश्न समोर असताना त्या आईने सत्याला चिकटून राहायला हवं होतं, असं म्हणणं सोपं आहे.

पानिपतानंतरच्या तोतयाचं नाव मराठी घरांत अजून माहीत आहे. न. चिं. केळकरांचं 1913 मधलं 'तोतयाचे बंड' वाचलेल्यांची पिढी सरली तरी भाऊसाहेबांचा तोतया म्हटलं की माणसं मान डोलावतात. 14 जानेवारी 1761 रोजी सदाशिवरावभाऊ रणात पडले. दुसऱ्या दिवशी सापडलेलं प्रेत शिर नसलेलं होतं. अंगावरच्या खुणांवरून ओळख पटवून त्याला अग्नी दिला गेला. पण शिर नसलेल्या प्रेतावर कुणाचं समाधान व्हावं? भाऊंच्या पत्नी पार्वतीबाई रणातून जीव वाचवून परत आल्या. त्यांनी वैधव्य पत्करलं नाही; पुढची वीसहून अधिक वर्षं त्या सौभाग्याच्या खुणांसह राहिल्या. शनिवारवाड्यातच जर भाऊंचं मरण मान्य नसेल, तर बाहेरच्यांनी ते का मानावं?

तोतया मूळचा बुंदेलखंडाकडचा कनोजी ब्राह्मण, नाव सुखनिधान. माधवराव पेशव्यांच्या काळातच तो सापडला, चौकशी झाली, त्याने कबुली दिली आणि त्याला किल्ल्यावर कैदेत ठेवण्यात आलं. गोष्ट इथेच संपायची. पण 1773 मध्ये नारायणराव पेशव्यांचा खून झाला. 1774 मध्ये जन्मलेलं मूल पेशवा म्हणून गादीवर होतं, आणि त्या मुलाच्या जन्माविषयीही राघोबादादांच्या गोटातून शंका पेरल्या जात होत्या. कारभार बारभाईंचा, दार ठोठावणारे इंग्रज. अशा वेळी एखादा कर्ता, पराक्रमी, हयात असलेला भाऊ कुणाला नको होता? 1776 मध्ये रत्नागिरीकडचा अधिकारी रामचंद्र नाईक परांजपे याने कैद्याला सोडलं आणि कैदी पुन्हा भाऊसाहेब झाला. कोकणातले किल्ले भराभर त्याच्या हाती आले, हजारोंची फौज जमली, आणि तो बोरघाटाच्या तोंडाशी येऊन ठेपला. महादजी शिंदे आणि भिवराव पानसे यांनी त्याचा मोड केला. तो मुंबईच्या इंग्रजांकडे पळू पाहत होता, पण कुलाब्याला आंग्र्यांनी धरून पुण्याला पाठवला. पुन्हा पंचांपुढे चौकशी झाली, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात त्याला देहदंड दिला गेला.

या माणसाने आधी एकदा कबुली दिलेली होती, हे विसरू नये. ती कागदावर होती. किल्लेदारांना आणि कारकुनांना ती ठाऊक असणारच. तरी किल्ल्यांचे दरवाजे उघडले. सगळेच भोळे होते असं मला वाटत नाही. पुष्कळांनी त्याला 'भाऊ' म्हणून नव्हे, तर नाना फडणीसांच्या विरुद्ध धरता येईल असं एक नाव म्हणून पत्करलं असणार.

एकोणिसाव्या शतकात हीच साक्ष इंग्लंडच्या कोर्टात गेली. टिचबोर्न घराण्याचा वारस रॉजर 1854 मध्ये 'बेला' जहाजाबरोबर समुद्रात बुडाला. आईला ते पटेना. तिने जगभर जाहिराती दिल्या. 1866 मध्ये ऑस्ट्रेलियातल्या वॅगा वॅगा गावच्या एका खाटकाने आपण रॉजर असल्याचं सांगितलं. रॉजर सडपातळ होता, हा अगडबंब. रॉजर फ्रान्समध्ये वाढला होता, याला फ्रेंचचा गंध नव्हता. रॉजरच्या हातावर गोंदण होतं, याच्या हातावर काही नव्हतं. पॅरिसच्या हॉटेलातल्या अंधाऱ्या खोलीत, आजारी म्हणून पडून राहिलेल्या या माणसाला आईने मुलगा म्हणून कवटाळलं. आईची ओळख हीच त्याची खरी पुंजी होती. आई वारल्यावर इस्टेटीसाठी तो स्वतःच कोर्टात गेला, दावा हरला, आणि खोट्या शपथेबद्दल 1874 मध्ये त्याला चौदा वर्षांची सजा झाली. गंमत अशी की इंग्लंडमधल्या कामकरी वर्गाने त्याला उचलून धरलं, खटल्याच्या खर्चासाठी रोखे विकत घेतले. त्यांना हवा होता उमरावांनी छळलेला एक उमराव. आईचं समजू शकतं, पण त्या कामगारांचं काय? त्यांनाही बहुधा तो रॉजर आहे की नाही याची फार पर्वा नव्हती.

याच सुमारास इंग्रज सरकार एका मराठी माणसाच्या ओळखीच्या मागे लागलं होतं. 1857 च्या उठावातले नानासाहेब पेशवे (ताराबाईंच्या गोष्टीतले नव्हेत) नंतर नेपाळच्या तराईत नाहीसे झाले, आणि त्यांच्यावर एक लाख रुपयांचं इनाम होतं. दर काही वर्षांनी कुठेतरी एक 'नानासाहेब' पकडला जाई. 1874 मध्ये ग्वाल्हेरच्या जयाजीराव शिंद्यांनी स्वतः 'मी नानासाहेब' म्हणणारा एक माणूस इंग्रजांच्या स्वाधीन केला. त्याला कानपूरला नेऊन चौकशी झाली आणि तो नानासाहेब नसल्याचं ठरलं. इतर तोतयांना गादी हवी असते. इथे ज्याचं नाव घ्यायचं त्या नावामागे फाशी होती, आणि तरी माणसं ते नाव घेत होती. यातल्या किती जणांनी ते स्वतः घेतलं आणि किती जणांवर इनामाच्या आशेने लादलं गेलं, हे आता सांगणं अवघड आहे.

भारतातला सगळ्यात लांबलेला आणि सगळ्यात शिकवणारा खटला म्हणजे भावलचा. ढाक्याजवळच्या या मोठ्या जमीनदारीचा मधला कुमार, रमेंद्रनारायण रॉय, मे 1909 मध्ये दार्जिलिंगला मेला असं जाहीर झालं. बारा वर्षांनी ढाक्यात बकलंड बंधाऱ्यावर अंगाला राख फासलेला एक संन्यासी बसलेला दिसू लागला, आणि मे 1921 मध्ये त्याने आपण कुमार असल्याचं सांगितलं. बहीण ज्योतिर्मयी देवीने त्याला ओळखलं. पत्नी विभावती देवीने नाकारलं. रयत संन्याशाच्या बाजूने उभी राहिली. जमीनदारी कोर्ट ऑफ वॉर्ड्सकडे होती, आणि सरकारी नोटीस निघाली की हा तोतया आहे. 1930 मध्ये दावा दाखल झाला, 1933 च्या अखेरीला सुनावणी सुरू झाली. वादीकडून 1069 साक्षीदार आले, प्रतिवादीकडून 479. म्हणजे दीड हजारांवर माणसांनी एका माणसाच्या चेहऱ्याविषयी, पावलांविषयी, बोलण्याविषयी शपथेवर सांगितलं. न्यायाधीश पन्नालाल बसूंनी 1936 मध्ये निकाल वादीच्या बाजूने दिला. 1940 मध्ये कलकत्ता हायकोर्टात दोन विरुद्ध एक अशा मताने तो टिकला. जुलै 1946 मध्ये प्रिव्ही कौन्सिलनेही तो कायम ठेवला. त्यानंतर काही दिवसांतच कुमार वारले.

बसूंच्या निकालात मला सगळ्यात रोचक वाटते ती सभ्यतेची बाजू. प्रतिवादीचा एक मुद्दा असा होता की कुमार सुशिक्षित, इंग्रजी रीतिभातीत मुरलेला घरंदाज माणूस होता, आणि हा संन्यासी अडाणी आहे. सबब हा तो नव्हे. न्यायाधीशांनी पुरावा तपासला तेव्हा दिसलं की खरा कुमारच जेमतेम अक्षरओळख असलेला, शिकार आणि रंगेलपणात बुडालेला तरुण होता. ज्याच्याशी संन्याशाची तुलना चालली होती तो घरंदाज कुमार वकिलांनीच रंगवला होता. म्हणजे त्या कोर्टात मुखवटा एकाच बाजूला नव्हता. शरीराच्या खुणांचं काम केलं विमा कंपनीच्या डॉक्टरने 1905 मध्ये भरलेल्या एका कागदाने. कुमार धडधाकट असताना विम्यासाठी त्याची तपासणी झाली होती. पावलांवरची खरखरीत कातडी, जी त्या घराण्यात इतरांनाही होती, तीही मोजली गेली. बहिणीच्या अश्रूंपेक्षा आणि पत्नीच्या नकारापेक्षा विम्याचा कागद भारी ठरला, कारण तो लिहिताना कुणालाही जमीनदारी मिळायची नव्हती.

विसाव्या शतकात गादीची जागा पैशाने घेतली आणि ओळख पटवणाऱ्यांची खुर्ची बँकेकडे गेली. अमेरिकेत क्लीव्हलंडची कॅसी चॅडविक नावाची बाई आपण अँड्र्यू कार्नेगीची अनौरस मुलगी असल्याचं सूचित करून त्याच्या खोट्या सहीच्या हुंड्यांवर कर्जं काढत होती. 1904 मध्ये बिंग फुटलं, ओबरलिन गावची एक बँक बुडाली, तिला सजा झाली आणि 1907 मध्ये ती तुरुंगात मेली. कार्नेगीला एक चिठ्ठी लिहून विचारलं असतं तर काम संपलं असतं. पण अशा गोष्टीविषयी मोठ्या माणसाला विचारायचं कसं? या संकोचावरच तिचा सगळा धंदा उभा होता. शंभरेक वर्षांनी न्यूयॉर्कमध्ये रशियात जन्मलेली ॲना सोरोकिन ही 'ॲना डेल्व्ही' नावाची जर्मन वारसदार म्हणून वावरत होती. हॉटेलच्या नोकरांना शंभर डॉलरच्या नोटा बक्षिसी देत तिने कलाकेंद्रासाठी 2 कोटी 20 लाख डॉलरचं कर्ज मागितलं. 2019 मध्ये ती दोषी ठरली. तिच्यावर मालिका निघाली, तिच्या धाडसाचं कौतुक झालं. मला तरी ती प्रकरणातली सगळ्यात कमी नवलाची व्यक्ती वाटते. श्रीमंत माणूस बिल चुकवायला विसरतो, कार्ड चालत नाही म्हणतो, आणि बाकीचे समजून घेतात. हा त्या वर्तुळातला रोजचाच शिष्टाचार होता. तिने तो वापरला इतकंच.

आपल्याकडे दिल्लीत 'अवधची बेगम' विलायत महल ही बाई 1970 च्या दशकात मुलगा, मुलगी, कुत्री आणि गालिचे घेऊन नवी दिल्ली स्टेशनच्या वेटिंग रूममध्ये येऊन बसली आणि वाजिद अली शाहच्या वंशजांचे हक्क मागू लागली. दहाएक वर्षांनी सरकारने तिला रिजवरच्या जंगलातला तुघलककालीन मालचा महल राहायला दिला, जिथे ना वीज ना पाणी. विदेशी पत्रकार तिथे जात राहिले, हरवलेल्या नवाबीवर लिहीत राहिले. ती 1993 मध्ये वारली, मुलगा 2017 मध्ये. 2019 मध्ये एलन बॅरी या पत्रकार बाईने शोध घेऊन लिहिलं, तेव्हा कळलं की ती लखनौ विद्यापीठाच्या एका रजिस्ट्रारची विधवा होती. फाळणीत तिचं घर हरवलं होतं, मनाचा तोल गेला होता. इथे फसवलं कोणी? तिने कुणाचं धन लुटलं नाही. मोडक्या महालातल्या राजपुत्राची बातमी मात्र चाळीस वर्षं खपली.

मराठी रंगभूमीवर हा सगळा विषय आचार्य अत्र्यांनी 1962 मध्ये कोर्टात उभा केला. 'तो मी नव्हेच' मधला निपाणीचा तंबाखूवाला लखोबा लोखंडे, आणि एका प्रयोगात पाच वेष घेणारे प्रभाकर पणशीकर. लखोबा प्रत्येक घरात निराळा माणूस होतो, आणि ज्या घराला जसा जावई हवा तसाच होतो. प्रेक्षक हसतात लखोबाच्या कोडगेपणाला, पण हुद्दा आणि घराणं ऐकल्यावर पुढची चौकशी थांबवणारे वधूपिते प्रेक्षागृहातही बसलेले असत. अत्र्यांना ते नक्की ठाऊक होतं.

आणि मग डीएनए आला. बर्लिनच्या कालव्यात 1920 मध्ये उडी मारलेली आणि पुढे झारची मुलगी अनास्तासिया म्हणून जगलेली ॲना अँडरसन 1984 मध्ये वारली. तिच्या ऊतकाचा जपलेला नमुना 1994 मध्ये तपासला. तो रोमानोव्हांशी जुळला नाही, फ्रान्झिस्का शान्झकोव्स्का या पोलिश कामगार बाईच्या नातलगाशी जुळला. तिचे काही समर्थक मात्र त्यानंतरही नमुनाच बदलला असेल असं म्हणत राहिले.

उलट्या दिशेनेही ओळख लपवली जाते, आणि तिथे चोरी शोधायला गेलो तर हाती काही लागत नाही. 1911 मध्ये मुंबईत एका अँग्लो-इंडियन घरात जन्मलेली एस्टेल मर्ल थॉम्पसन पुढे हॉलीवूडची तारका मर्ल ओबेरॉन झाली. 1935 च्या 'द डार्क एंजल'साठी तिला ऑस्करचं नामांकन मिळालं. अलेक्झांडर कोर्डाशी लग्न झालं, त्यांना सर किताब मिळाल्यावर ती लेडी कोर्डा झाली. जगाला सांगितलं गेलं की ती टास्मानियात गोऱ्या आईवडिलांपोटी जन्मली, जन्माचे कागद आगीत गेले. तिला वाढवणारी शार्लट सेल्बी ही सावळ्या रंगाची बाई लंडनच्या घरात आलेल्या पाहुण्यांसमोर नोकराणी म्हणून वावरे. शार्लट वारल्यावर मर्लने तिचं तैलचित्र करून घेतलं, आणि त्यातला चेहरा चित्रकाराकडून उजळ करून घेतला. गोऱ्या नायकाबरोबर काळ्या रक्ताची नायिका दाखवायला तेव्हाच्या हॉलीवूडचे नियमच मनाई करत होते. खरं सांगितलं असतं तर ती पहिल्या चित्रपटाच्या पुढे गेली नसती.

1978 मध्ये होबार्टने आपल्या या लेकीचा नागरी सत्कार ठरवला आणि ती गेली. जिथे ती जन्मलीच नव्हती त्या गावाने तिला माहेरवाशीण म्हणून वागवलं. समारंभ तिला जड गेला. पुढच्या वर्षी ती वारली. मुंबईतला जन्मदाखला पुढे बाहेर आला, कुटुंबातल्या माणसांनी खरं सांगितलं. पण 2002 मध्ये ऑस्ट्रेलियात तिच्यावर माहितीपट निघाला, तेव्हा टास्मानियातली म्हातारी माणसं कॅमेऱ्यासमोर सांगत होती की ती आमचीच, सेंट हेलेन्सच्या हॉटेलात काम करणाऱ्या एका चिनी बाईची मुलगी. मुंबईचा दाखला त्यांना मान्य नव्हता.